अनामत आपली, मग व्याज कोणाचे?

सरकारी नोकरीत ज्याच्या हाती रोकड येते किंवा गोदामाचा माल येतो, त्याच्याकडून अनामत घेतली जाते. रोखपाल, भांडारपाल, गोदामपाल ही सगळी त्यातलीच मंडळी. कोणाच्या पगारातून दरमहा थोडे थोडे कापले गेले, कोणी रोख भरले, तर कोणी पोस्टाची राष्ट्रीय बचत पत्रे काढून ती साहेबांच्या पदनामाने तारण ठेवली. आपल्या समाजातली पहिली पिढी नोकरीला लागली तेव्हा ही अनामत भरायला कोणाच्या आईने अंगावरचा एकुलता एक डाग मोडला, कोणी सावकाराकडून पैसे आणले, अशा हकिकती आम्ही वस्तीत अनेकदा ऐकल्या आहेत. मुलगा सरकारात लागला याचा आनंद इतका मोठा होता की त्या पावतीकडे पुन्हा कोणी पाहिले नाही. ती पत्र्याच्या पेटीत, शाळा सोडल्याच्या दाखल्याखाली, पडून राहिली.

तीस-बत्तीस वर्षांनी नोकरी संपते. नारळ आणि शाल मिळते, भाषणे होतात. मग निवृत्तिवेतनाची धावपळ सुरू होते आणि अनामत विसरली जाते. ज्याला आठवते तो कचेरीत जातो, तिथे त्याला सांगतात, "फाईल वर गेली आहे." पुढच्या महिन्यात, "लेखापरीक्षणाचा आक्षेप आहे." त्याच्या पुढच्या महिन्यात, "अनुदान आलेले नाही." आम्ही स्वतः कारकुनी करतो, म्हणून ही तीनही वाक्ये किती सहज तोंडातून निघतात हे आम्हाला ठाऊक आहे. त्यातले तिसरे तर साफ चुकीचे आहे. ते का, हे आधी सांगितले पाहिजे.

संविधानाच्या २६६ व्या कलमाने सरकारच्या पैशाचे दोन कप्पे केले आहेत. कर, फी, महसूल, कर्जे हे सगळे एकत्रित निधीत जाते आणि तिथला पैसा खर्च करायला विधिमंडळाची मंजुरी लागते. जो पैसा सरकारचा नाही, केवळ सरकारच्या हाती सांभाळायला आला आहे, तो लोकलेख्यात जातो. अनामत ही या दुसऱ्या कप्प्यातली. कोषागारात ती '८४४३ नागरी ठेवी' या शीर्षाखाली, '१०३ सुरक्षा ठेवी' या गौण शीर्षात जमा असते. लोकलेख्यातला पैसा परत द्यायला अर्थसंकल्पात तरतूद लागत नाही, विधिमंडळाचे मतदान लागत नाही. म्हणून कोषागारात जमा असलेल्या अनामतीला 'अनुदान नाही' हे उत्तर लागूच पडत नाही. चलनाचा क्रमांक आणि दिनांक सापडला, ठेव नोंदवहीतली नोंद जुळली, कार्यालयप्रमुखाची सही झाली की देयक कोषागारात जाऊ शकते. ज्या घरी जुने चलन आहे त्याने ते जपावे, त्याच्या दोन झेरॉक्स काढून ठेवाव्यात. जुन्या चलनाची शाई उडते.

एक खुलासा इथेच केलेला बरा. काहींनी रोख अनामतीऐवजी विमा कंपनीचा फिडेलिटी बाँड दिला होता आणि त्याचा हप्ता दरवर्षी भरला. तो हप्ता म्हणजे विम्याची किंमत, तो परत येत नाही. त्यासाठी भांडू नये.

कधी परत करायची?

केंद्र सरकारच्या सामान्य वित्तीय नियमांत असे आहे की कर्मचाऱ्याने पद सोडल्यानंतर त्याची सुरक्षा ठेव किमान सहा महिने राखून ठेवावी. त्यामागचे कारण समजण्यासारखे आहे. नवा माणूस रोकड मोजून घेतो, साठा तपासतो, काही कमी-जास्त असेल तर ते या काळात बाहेर येते. तेव्हा निवृत्तीच्या दुसऱ्याच दिवशी पैसे हवेत असा हट्ट आम्ही करणार नाही. पण 'किमान सहा महिने' याचा अर्थ कचेऱ्यांनी 'वाटेल तितकी वर्षे' असा लावून घेतला आहे.

उशीर होण्याची खरी जागा एकच, ती म्हणजे ना-देय प्रमाणपत्र. कर्मचाऱ्याकडे सरकारचे काही येणे नाही असा कागद. तो कागद कोणी द्यायचा? ज्या कचेरीत माणूस नोकरीला होता तिनेच. मागतो कोण? तीच कचेरी, निवृत्त झालेल्या माणसाकडून. भांडारातला साठा आधीच्या बदलीच्या वेळी कोणी ताब्यात घेतला त्याची यादी सापडत नाही, तो घेणारा साहेब बदलून गेला, कोणी वारले, आणि हा निवृत्त माणूस तालुक्याच्या तीन ठिकाणी सहीसाठी फिरतो.

या कागदाबद्दल सर्वोच्च न्यायालयाने जे म्हटले आहे ते प्रत्येक कर्मचारी संघटनेच्या फलकावर लागायला हवे होते. केरळ राज्य विरुद्ध पद्मनाभन नायर या खटल्यात १९८४ च्या डिसेंबरात निकाल झाला. नायर हे केरळ सरकारचे कर्मचारी १९७३ च्या मे महिन्यात निवृत्त झाले आणि त्यांचे निवृत्तिवेतन व उपदान मिळाले १९७५ च्या ऑगस्टमध्ये. उशीर सव्वादोन वर्षांचा. कारण काय, तर कोषागाराकडून अंतिम वेतन प्रमाणपत्र आले नव्हते. त्यांनी व्याजासाठी दावा लावला आणि तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. न्यायालयाने सांगितले की निवृत्तिवेतन व उपदान ही सरकारची मेहेरबानी राहिलेली नाही, ती कर्मचाऱ्याची हक्काची मिळकत आहे. अंतिम वेतन प्रमाणपत्र आणि ना-देय प्रमाणपत्र यांचे अभिलेख सरकारी खात्यांकडेच असतात, निवृत्तीची तारीख आधीपासून माहीत असते, मग ही कागदपत्रे निवृत्तीच्या किमान आठवडाभर आधी तयार का होत नाहीत, असा प्रश्न न्यायालयाने विचारला. निवृत्तीनंतर दोन महिने उलटले की बाजारातल्या चालू दराने दंडात्मक व्याजाची जबाबदारी सुरू व्हावी, असेही म्हटले.

तो खटला अनामतीचा नव्हता, हे आम्ही स्पष्ट सांगतो. पण कागद तोच, कचेरी तीच. शिवाय उपदानात निदान सरकार स्वतःचा पैसा देते, अनामत तर मुळातच कर्मचाऱ्याची. उपदानाला जे लागू ते अनामतीला का लागू नये, असा युक्तिवाद सरळ उभा राहतो.

याच खटल्यातली आणखी एक गोष्ट आम्हाला फार महत्त्वाची वाटते. नायर यांनी बारा टक्के व्याज मागितले होते. जिल्हा न्यायालयाने सहा टक्के दिले. सरकारने उच्च न्यायालयात अपील केले तेव्हा नायर यांनी उरलेल्या सहा टक्क्यांसाठी प्रति-आक्षेप दाखल केला नाही. सर्वोच्च न्यायालयाला बारा टक्के वाढवून देता आले नाहीत, कारण त्यांनी ते सहा टक्के मान्य केल्यासारखे झाले होते. चांगला जिंकलेला खटला, आणि अर्धे व्याज न मागितल्यामुळे गेले.

व्याज तारखेवर चालते

१९७८ चा व्याज अधिनियम हा छोटासा कायदा आहे. त्याच्या तिसऱ्या कलमाचा सारांश असा. पैसे अमुक तारखेला द्यायचे असे लेखी ठरले असेल तर न्यायालय त्या तारखेपासून व्याज देऊ शकते. तशी तारीख ठरलेली नसेल तर ज्या दिवशी लेखी नोटिशीने 'व्याज मागणार' असे कळवले त्या दिवसापासून. अनामतीच्या बाबतीत बहुधा ही दुसरी गोष्ट लागू होते. या कायद्यात न्यायालय म्हणजे न्यायाधिकरणही धरले आहे.

आता हिशेब करून पाहू. समजा वीस हजारांची अनामत आहे आणि ती अडीच वर्षे उशिरा मिळाली. सहा टक्के सरळव्याजाने वर्षाला बाराशे रुपये होतात. पहिल्याच दिवशी व्याजासह मागणीचे पत्र दिलेले असेल तर तीन हजार रुपये झाले. दोन वर्षे तोंडी फेऱ्या मारल्या, साहेबांना चहाच्या टपरीवर गाठले, चुलत्याच्या ओळखीने सांगून पाहिले आणि मग पत्र दिले, तर कडक हिशेबाने व्याज सहाशे रुपये. फरक चोवीसशे रुपयांचा, आणि तो एका कागदाचा आहे.

पत्र साधे असावे. कोणत्या पदावर होतो, अनामत किती व कोणत्या चलनाने किंवा कोणत्या बचत पत्रांनी दिली, कोणत्या तारखेला निवृत्त झालो, एवढे लिहून शेवटी स्पष्ट लिहावे की ही रक्कम अमुक दिनांकापासून प्रत्यक्ष हाती पडेपर्यंत बँकेच्या मुदत ठेवीच्या चालू दराने व्याजासह द्यावी. 'कृपया सहानुभूतीपूर्वक विचार व्हावा' हे वाक्य आपल्या लोकांच्या हातून सवयीने लिहिले जाते. ते गाळावे. पत्र आवक विभागात द्यावे, दुसऱ्या प्रतीवर शिक्का, क्रमांक, तारीख घ्यावी. शिक्का द्यायला कां-कू झाली तर रजिस्टर पोचपावतीने टपालात टाकावे.

कचेरी गप्प राहिली तर माहितीच्या अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करून आपल्या पत्रावर काय झाले, फाईल कोणत्या तारखेला कोणाच्या टेबलावर होती, हे विचारता येते. तीस दिवसांत उत्तर द्यावे लागते. महाराष्ट्रात २००५ चा बदल्यांचा आणि दफ्तर दिरंगाईचा कायदा आहे. त्याच्या दहाव्या कलमाप्रमाणे साधी फाईलसुद्धा एका टेबलावर सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहू नये. हे कलम कचेऱ्यांत सगळ्यांना पाठ असते, फक्त स्वतःच्या टेबलाच्या बाबतीत आठवत नाही.

कोषागाराच्या कामाची एक अडचण अशी की तीन पूर्ण आर्थिक वर्षे ज्या ठेवीची मागणी झाली नाही ती व्यपगत धरून सरकारजमा करतात. पैसे बुडत नाहीत, खात्री पटल्यावर परत मिळू शकतात, पण मंजुरीचा आणखी एक जिना चढावा लागतो.

कुठे जायचे आणि किती दिवसांत

राज्य सरकारच्या कर्मचाऱ्याला, तो निवृत्त असला तरी, आता दिवाणी न्यायालयात दावा लावता येत नाही. नायर यांच्या वेळी न्यायाधिकरणे नव्हती. १९८५ च्या कायद्याने ती आली आणि महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण १९९१ पासून मुंबईत, तसेच नागपूर आणि औरंगाबाद म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर येथे काम करते. केंद्राच्या कर्मचाऱ्यासाठी केंद्रीय न्यायाधिकरण आहे. तिथली मुदत लहान आहे. अंतिम आदेश मिळाल्यापासून एक वर्ष, आणि आपल्या अर्जाला उत्तरच आले नाही तर अर्जानंतर सहा महिने थांबून त्यापुढे एक वर्ष. जिल्हा परिषद, नगरपालिका, महामंडळ यांच्या कर्मचाऱ्यांची वाट वेगळी. नोकरीच्या स्वरूपाप्रमाणे उच्च न्यायालय, कामगार न्यायालय किंवा दिवाणी दावा. दिवाणी दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत असते. प्रतिवादी सरकार असेल तिथे दाव्याआधी दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते.

यात पुष्कळ जण फसतात ते असे. दर सहा महिन्यांनी एक स्मरणपत्र देत राहिले की मुदत पुढे सरकते, असा समज आहे. ती सरकत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये एस. एस. राठोड यांच्या खटल्यात आणि पुन्हा २००८ मध्ये सी. जेकब यांच्या खटल्यात हे स्पष्ट केले आहे की अर्जामागून अर्ज केल्याने मुदत वाढत नाही. देणे मान्य करणारे सहीचे सरकारी पत्र मुदत संपण्याआधी हाती आले असेल तर मात्र मुदत कायद्याच्या अठराव्या कलमाचा आधार मिळू शकतो. म्हणून कचेरीचे प्रत्येक पत्र, दोन ओळींचे असले तरी, जपून ठेवावे.

"आमच्या खात्याच्या नियमांत व्याजाची तरतूद नाही" हे उत्तरही ऐकायला मिळते. हरियाणातले एक अभियंते एस. के. दुआ १९९८ मध्ये निवृत्त झाले, चौकशीच्या नावाखाली त्यांचे पैसे अडवले गेले आणि २००२ मध्ये व्याजाशिवाय दिले गेले. २००८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की नियम नसला तरी संविधानाच्या १४, १९ आणि २१ या कलमांच्या आधारे व्याज मागता येते. उपदानापुरता तर महाराष्ट्राच्या निवृत्तिवेतन नियमांत १२९-अ हा नियमच आहे. प्रशासकीय दिरंगाईमुळे तीन महिन्यांपेक्षा जास्त उशीर झाला तर भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज.

पाच-दहा हजारांसाठी कोर्टकचेरी कशाला, वकिलाची फीच जास्त होईल, असे म्हणणारे अगदीच चुकीचे म्हणत नाहीत. नुसत्या अनामतीच्या व्याजासाठी खासगी वकील लावणे परवडत नाही. पण दोन गोष्टी लक्षात घ्याव्यात. ज्या ना-देय कागदासाठी पाच हजारांची अनामत अडते, त्याच कागदासाठी लाखांचे उपदान अडते. लहान रकमेवर कचेरीला लेखी उत्तर द्यायला लावले की मोठ्या रकमेचे कुलूपही सैल होते. दुसरी गोष्ट, १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या बाराव्या कलमाप्रमाणे अनुसूचित जातीच्या व्यक्तीला आणि कोणत्याही स्त्रीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो, कोर्ट फीचाही खर्च त्यात येतो. आपण बौद्ध झालो म्हणून हा हक्क गेला, असे अजून काही जण समजतात. १९९० च्या दुरुस्तीने अनुसूचित जातींच्या आदेशात बौद्धांचा समावेश झाला आहे. जातीचा दाखला घेऊन तालुक्याच्या न्यायालयातल्या विधी सेवा समितीत जावे.

सरकारवर दावा म्हणजे मालकावर दावा, असा एक संकोच आपल्या जुन्या माणसांत असतो. त्याचे मूळ आम्हाला समजते. आपले आजे-पणजे महारकीत सरकारी टपाल वाहायचे, साहेबाच्या घोड्यापुढे धावायचे, आणि त्याची ना हजेरी होती ना पावती. त्या वतनाच्या कायद्यात दुरुस्तीसाठी बाबासाहेबांनी १९२८ मध्ये मुंबईच्या कायदेमंडळात बिल मांडले, वतने प्रत्यक्षात रद्द झाली १९५८ च्या कायद्याने. पण त्याच बाबासाहेबांच्या अध्यक्षतेखाली मसुदा झालेल्या संविधानात ३०० वे कलम आहे आणि त्यात सरकारवर त्याच्या नावाने दावा लावता येतो असे लिहिले आहे. तीनशेवे कलम सभांत फारसे कोणी सांगत नाही.

आमच्या ओळखीच्या एका घरातली गोष्ट सांगतो. एका तालुक्याच्या गोदामात गोदामपाल होते. निवृत्तीनंतर चौदा महिन्यांत वारले. अनामत म्हणून ठेवलेली बचत पत्रे कचेरीत तारण होती आणि थोडी रक्कम रोख. गोदामातल्या जुन्या बारदानाच्या कमी नगांचा एक आक्षेप होता, त्यासाठी सारे अडकले. वहिनी आमच्याकडे आल्या तेव्हा म्हणाल्या, "भाऊ, साहेबांना वाईट वाटंल असं काही लिहू नका. ते देतील तव्हा देतील." बचत पत्रांची मुदत केव्हाच संपली होती आणि मुदत संपलेल्या पत्रांना पूर्वीच्या दराने व्याज चालू राहत नाही, हे त्यांना कोणीच सांगितले नव्हते. कचेरीने पोस्टाला तारण सोडल्याचे एक पत्र दिले असते तर पैसे दुसरीकडे ठेवता आले असते. बारदानाच्या त्या आक्षेपाची त्यांच्या यजमानांना एकही नोटीस दिलेली नव्हती, चौकशी झालेली नव्हती. म्हणणे ऐकून न घेता कोणाच्या ठेवीतून वसुली करता येत नाही, ही तर न्यायाची पहिली पायरी.

वारसाचे काम त्याहून अवघड निघाले. बौद्धांसाठी वेगळा वारसा कायदा नाही, १९५६ चा हिंदू वारसा कायदाच आपल्याला लागू होतो आणि त्याप्रमाणे पत्नी, मुले, मुली यांच्याबरोबर आई हयात असेल तर तिचाही वाटा असतो. गोदामपालांची आई गावाकडे होती, नव्वदीच्या घरात. लग्न बौद्ध पद्धतीने विहारात झालेले, नोंदणी नाही, लग्नपत्रिका नाही. अखेर सेवापुस्तकातले कुटुंबाच्या माहितीचे पान कामी आले. ज्यांची नोकरी अजून चालू आहे त्यांनी सेवापुस्तकातले ते पान आणि नामनिर्देशन आजच पाहून घ्यावे, आणि लग्नाची नोंद राहिली असेल तर ती करून घ्यावी.

वहिनींनी पत्रावर सही केली, व्याजाची ओळ तशीच ठेवली. विधी सेवा समितीकडून वकील मिळाले. त्यांची नोटीस गेल्यावर सात आठवड्यांत बचत पत्रे सुटली आणि रोख रक्कमही आली. बारदानाचा आक्षेप कुठे गेला ते कोणी सांगितले नाही. व्याज दिलेले नाही. त्यासाठीचा अर्ज न्यायाधिकरणात आहे आणि मागच्या तारखेला सरकारच्या सादरकर्ता अधिकाऱ्यांनी उत्तर द्यायला आणखी चार आठवडे मागून घेतले.